‘अंब्रेजस’ म्हणजे नुसता चिडका नव्हे

मा. संपादक साहेब,
सप्रेम नमस्कार.

आपल्या पेपरात आतल्या पानावर रोज एक इंग्रजी शब्द येतो, चौकटीत, वर शब्द, खाली मराठी अर्थ आणि त्याखाली वापरून दाखवलेलं एक वाक्य. मागच्या आठवड्यात त्यात ‘अंब्रेजस’ आला होता. अर्थ दिला होता रागीट, चिडखोर, आणि वाक्य पण तसलंच, आमचा शेजारी फार अंब्रेजस आहे म्हणून. संपलं. आता हे अगदीच चूक आहे असं मी म्हणत नाही, पण या शब्दाचा जो पहिला अर्थ तो आलाच नाही, जो दुसरा आला तो पण जरा बाजूला सरकून आला, आणि मुख्य म्हणजे हा शब्द कुणाला लावला की त्याचं काय होतं हे सांगितल्याशिवाय तो पोरांच्या हातात द्यायचाच नसतो. म्हणून हे पत्र. लांबलंय, माहितीये मला, कापायचं तर कापा, फक्त खाली स्पेलिंगचं लिहिलंय तेवढं ठेवा.

मी इथं विश्रामबागला स्पर्धा परीक्षा देणाऱ्या पोरापोरींचं इंग्रजी घेते. जत, आटपाडी, कवठेमहांकाळ, खानापूर असल्या लांबलांबच्या तालुक्यातनं आलेली पोरं, कॉट बेसिसवर राहायचं, मेसचा डबा, दिवसभर अभ्यासिका. बरीचशी गावच्या शाळेत मराठी मीडियमला शिकलेली, डोकं चांगलं, कष्टाला मागं सरत नाहीत, पण इंग्रजी म्हटलं की पोटात गोळा. त्यांना ही चौकट म्हणजे फुकटचा क्लास. सकाळी पेपर आला की आधी ते वहीत उतरवतात, काहीजण मोबाईलवर फोटो मारून ग्रुपवर टाकतात, आणि एकदा छापून आलं म्हटल्यावर ते फायनल, मग मी काहीपण सांगू देत, ‘पण मॅडम पेपरात तर असं आलंय’. तेव्हा म्हटलं पेपरलाच सांगावं.

आधी मूळ बघू. लॅटिनमधे ‘उंब्रा’ म्हणजे सावली. तिथनं जुन्या फ्रेंचमधे ‘ओंब्राज’ झालं आणि तिथनं इंग्रजीत ‘अंब्रिज’. हे अंब्रिज सुरुवातीला साधं सावली या अर्थानंच वापरायचे, झाडाच्या पानांची दाटी असते ना, तिला पण अंब्रिज म्हणायचे. सोळाव्या शतकाच्या शेवटाला त्याला मागं प्रत्यय लागून अंब्रेजस हे विशेषण इंग्रजीत दिसायला लागलं, म्हणजे भरपूर सावली देणारं, नाहीतर सावलीनं भरलेलं. दोन्ही बरं का. सावली देणारं झाड पण अंब्रेजस आणि त्या सावलीत असलेली जागा पण अंब्रेजस, म्हणून बागेला, ओढ्याकाठाला, पायवाटेला, दरीला सगळ्याला लागतं, इंग्रज कवी मिल्टननं तर १६६७ साली आलेल्या त्याच्या महाकाव्यात ईडनच्या बागेतल्या गुहांना लावलंय. मराठीत याच्या जवळ जाणारा माझ्या मते ‘डेरेदार’, पण त्याची अडचण अशी की तो झाडालाच शोभतो. डेरेदार गल्ली कुणी म्हणत नाही, तिथं आपल्याला गर्द सावलीची गल्ली असं फोड करून म्हणावं लागतं. तिथं इंग्रजीचं काम एका शब्दात भागतं हे मान्य करायला पाहिजे.

आणि हा अर्थ आमच्या भागात नुसता बोटानं दाखवून शिकवता येतो, हे जास्त लागलं मला. सातारा जिल्ह्यात जावळी तालुक्यात वैराटगडाच्या पायथ्याला म्हसवे गाव आहे, तिथला वड बघा. ली वॉर्नर नावाच्या इंग्रजानं १८८२ साली त्याची नोंद केली तेव्हा घेर १५८७ फूट भरला होता. फूट म्हणतेय मी, इंच नाही, आणि हा खोडाचा नाही, वरच्या सगळ्या विस्ताराचा. पारंब्या जमिनीत जाऊन त्यांचीच खोडं झालेली, त्यामुळं झाड कुठं सुरू होतं आणि कुठं संपतं कळत नाही. त्या माणसाच्या काळात अंब्रेजस हा शब्द साहेब लोकांच्या लिहिण्यात चांगला चालता होता, जुन्या इंग्रजी प्रवासवर्णनात आणि बागाबगिच्यांच्या वर्णनात तो पावलापावलाला भेटतो. सुरूरवरनं वाईला येताना दोन्ही बाजूला जुने वड आहेत, मे महिन्यात एसटीच्या खिडकीत बसलं की त्या पट्ट्यात आल्यावर गार वारा तोंडावर येतो, तो रस्ता अंब्रेजस. आमच्या सांगलीतली आमराई अंब्रेजस. मिरज तालुक्यात भोसे गावाजवळ यल्लमा मंदिराशेजारचा वड, चारशे वर्षांचा म्हणतात, तो २०२० साली रत्नागिरी-नागपूर महामार्गात जाणार होता, मग लोक उभे राहिले, दिल्लीपर्यंत पत्रं गेली आणि शेवटी रस्त्याची आखणी बदलली. त्या वेळी इंग्रजी पेपरांना हे विशेषण वापरायची केवढी चांगली संधी होती, पण बहुतेक जणांनी आपलं ‘जायंट’ आणि ‘ओल्ड’वर भागवलं असणार.

उलट कशाला लावायचं नाही तेपण सांगते. निलगिरी कितीपण उंच असू दे, अंब्रेजस नाही. नारळ नाही. बाभळ मोठी झाली तरी तिची सावली चाळणीतनं पडल्यासारखी, जतकडच्या माणसाला विचारा, दुपारी तिच्याखाली बसलं की उन्हाबरोबर आपणच सरकत बसायचं. पानांची दाटी आणि खाली सलग सावली असल्याशिवाय हा शब्द बसत नाही.

आणि हा शब्द म्हणजे कायम कौतुकच असं पण धरून चालू नका. वर्गात एक तासगावकडचा मुलगा आहे, घरची द्राक्षबाग, त्यानं मला ऐकवलं की मॅडम बाग अंब्रेजस झाली तर आमचं वाटोळं. बरोबर आहे त्याचं. एप्रिलच्या खरड छाटणीनंतर नवीन काड्या फुटतात त्यांच्या डोळ्यात पुढच्या हंगामाचे घड आतल्या आत तयार होत असतात, आणि त्याला ऊन लागतं, काड्यांची गर्दी झाली, पानावर पान चढून आत काळोख झाला की काडीत घडच धरत नाहीत, मग ऑक्टोबरला फळछाटणी करून नुसता पाला बघत बसायचं. म्हणून तर विरळणीला एवढी मजुरी घालतात लोक. तेव्हा वडाला अंब्रेजस म्हटलं की कौतुक आणि द्राक्षाच्या मांडवाला म्हटलं की तक्रार. शब्द तोच.

आता दुसरा अर्थ, आपण छापलेला.

सावलीवरनं रागावर गाडी कशी गेली हे पोरांना सांगितलं की ती कधी विसरत नाहीत, म्हणून मी नेहमी घोड्यावरनं सांगते. फ्रेंचमधे ‘ओंब्राजो’ असं विशेषण आहे, ते अजून घोड्याला लावतात, सावली दिसली की बुजणारा घोडा. आपल्याकडं बैलाचं बघतो की आपण, खिलारी खोंड नवीन असलं की रस्त्यावर पडलेलं पोतं, उडणारी प्लास्टिकची पिशवी, स्वतःची सावली, कशालापण बुजतंय, जू सोडून उसात घुसतंय. तिथं प्रत्यक्षात धोका काही नसतो. नुसती सावली. तीच गोष्ट माणसाला लावा, म्हणजे समोरच्यानं काही केलेलं नाही, पण याला त्यात अपमानाची सावली दिसली आणि हा बुजला. इंग्रजीत पण अंब्रिजचा अर्थ सतराव्या शतकात असाच सरकला, सावलीवरनं संशय, संशयावरनं आपला अवमान झाल्याची भावना, आणि मग ‘टेक अंब्रिज’ म्हणजे मनाला लावून घेणं, रुसणं. आज इंग्रजीत हा एवढा वाक्प्रचारच काय तो नेहमीच्या वापरात जिवंत आहे, सावलीवालं अंब्रिज म्हणाल तर कवितेत गेलं.

त्यामुळं चौकटीतला ‘रागीट’ हा शब्द मला खटकतो. रागीट माणूस तापतो, मग कारण काहीपण असू दे, चहा गार आला, लाईट गेली, पोरगं रडलं. त्याला इंग्रजीत इरॅसिबल म्हणा, शॉर्ट टेंपर्ड म्हणा. अंब्रेजस माणसाला चहा गार आल्याचं काही नसतं, पण शेजारच्याला आधी दिला आणि मला नंतर, याचं असतं. आपल्याकडं लग्नात हा माणूस हमखास सापडतो. पत्रिकेत नाव तिसऱ्या ओळीत टाकलं, आहेर करताना टोपी टॉवेलवर भागवलं, पंगतीला बोलवायला घरचं कुणी आलं नाही, चुलत्याच्या पोरानं बोलवलं. जत्रेत पालखीचा मान, नारळाचा मान. आणि आता नवीन म्हणजे फ्लेक्स, वाढदिवसाच्या फ्लेक्सवर सगळ्या गावाचे फोटो आणि त्यात आपला फोटो कोपऱ्यात पासपोर्ट साईजचा आला म्हणून तीन तीन वर्ष बोलत नाहीत लोक. हे अंब्रेजस. मराठीत म्हणायचं तर रुसका, किंवा आपल्याकडं म्हणतात ना ‘त्याला लगेच लागतं’, ते. ‘हळवा’ पण नको, हळवा माणूस दुसऱ्याच्या दुःखानं पण रडतो, अंब्रेजस माणसाला फक्त स्वतःच्या मानाचं पडलेलं असतं. मला विचाराल तर चौकटीत ‘चटकन अपमान वाटून घेणारा’ असं छापायला पाहिजे होतं. चार शब्द लागतात पण नेमकं होतं.

अजून एक फरक, हा परीक्षेला थेट उपयोगाचा. एखाद्याला एकदाच कशाचा तरी राग आला, तर ‘ही टुक अंब्रिज ॲट’ आणि पुढं ज्याचा राग आला ते, इथं प्रीपोझिशन ॲट. ती घटना झाली. अंब्रेजस ही घटना नाही, स्वभाव आहे. काल मामा रुसले म्हणून मामा अंब्रेजस होत नाहीत, प्रत्येक लग्नात रुसत असतील तर होतात. आणि अंब्रेजसच्या मागं ॲट लावून ‘ही इज अंब्रेजस ॲट मी’ असली वाक्यं पोरं बनवतात, ती बनवू नयेत, अँग्री ॲटच्या चालीवर बनवलेली असतात ती.

आता ज्याच्यासाठी एवढं सगळं लिहिलं ते सांगते. आपल्या चौकटीतला शब्द वहीत उतरवून घेतलेल्या एका मुलीला सराव पेपरात उतारा आला, त्यात अंब्रेजस ॲव्हेन्यू असं होतं, झाडांच्या रांगेतला सावलीचा रस्ता. तिनं लिहिलं रागीट रस्ता. वर्गात हसले सगळे, पण तिची काय चूक, तिच्याकडं एकच अर्थ होता, तो तिनं लावला. दुसरा एक मुलगा, आटपाडीचा, तो हुशारी करून मोबाईलवर डिक्शनरी बघणारा, त्याला पहिला अर्थ मिळाला सावली देणारा, आणि तिथंच थांबला. निबंध होता वडिलांवर. वडील ऊसतोडीला जाऊन पोरांना शिकवणारे, आणि त्यानं मनापासनं लिहिलं, माय फादर इज ॲन अंब्रेजस मॅन. त्याच्या डोक्यात मराठी होतं, आई-बापाची सावली, थोरल्या भावाची सावली, मोठ्यांच्या छत्रछायेत वाढलेला, आपल्याकडं माणसाला सावली म्हटलं की तो आधार असतो, याच्यापेक्षा मोठं कौतुक काय करणार मुलगा बापाचं. आणि इंग्रजी वाचणाऱ्याला काय कळणार, की याचा बाप फार रुसका आहे, सारखा मानपान काढतो. शब्द खरा, व्याकरण बरोबर, स्पेलिंग बरोबर, आणि अर्थ पार उलटा गेला.

म्हणजे झाडाला लावला तर सावली आणि माणसाला लावला तर रुसवा, हा या विशेषणाचा सगळा हिशेब आहे, आणि तो चौकटीत नाही. आपल्या मराठीत पण सावलीला काळी बाजू नाही असं नाही हो, ‘सावट’ हा शब्द आहेच की, दुष्काळाचं सावट म्हणून आपल्याच पेपरात माण-खटावच्या बातम्यांना दरवर्षी हेडिंग असतं. सावलीलासुद्धा उभं करत नाही असंही म्हणतो आपण. पण माणसाच्या स्वभावाला सावलीवरनं विशेषण द्यायचं तर आपण चांगल्याच बाजूला जातो, इंग्रजी दुसऱ्या बाजूला गेली. इथं भाषांतर करून चालत नाही, शेजारी कोण बसलंय ते बघावं लागतं.

यात ‘शेडी’नं अजून गोंधळ घातलाय. शेड म्हणजे पण सावलीच, आणि शेडी ट्री म्हटलं तर अंब्रेजस ट्रीच, पण शेडी माणूस म्हणजे गोलमाल करणारा, ज्याच्याशी जमिनीचा व्यवहार करू नये असा. अंब्रेजस माणूस एक रुपया खाणार नाही तुमचा, फक्त बोलायचं बंद करेल. एकाचे धंदे सावलीत चालतात आणि दुसऱ्याला जिथंतिथं सावली दिसते, असं मी सांगते वर्गात. आणि आता पोरं रील बघून ‘थ्रो शेड’ म्हणतात, म्हणजे टोमणा मारणं. तर एकानं शेड मारायची आणि दुसऱ्यानं अंब्रिज घ्यायचं, असा सगळा सावलीचाच व्यवहार चाललाय इंग्रजीत.

स्पेलिंग. यू, एम, बी, आर, ए, जी, ई, ओ, यू, एस. पोरं जी नंतरचा ई खातात, कारण फेमचं फेमस करताना ई जातो हे त्यांनी पाठ केलेलं असतं. इथं ई जात नाही. कारण जी नंतर लगेच ओ आला तर त्याचा उच्चार ‘ग’ होईल, ‘ज’ टिकवायचा तर मधे ई पाहिजे. करेजस, आउटरेजस, ॲडव्हांटेजस सगळ्यांत हाच ई आहे, एक लक्षात राहिला की चारी शब्द सुटले. आणि उच्चाराचं पण या चौघांतनंच कळतं. नुसत्या करिजमधे जोर पुढं ‘क’वर असतो आणि शेवट ‘रिज’ असा मिटलेला, करेजस झाला की जोर सरकून ‘रे’वर येतो आणि तो रे मोठा होतो. तसंच अंब्रिजमधे जोर ‘अं’वर, अंब्रेजसमधे ‘ब्रे’वर. आपल्याकडं अंब्रेज, अंब्राज, अंब्रागस असं काहीपण ऐकू येतं, मुलाखतीत एखाद्यानं बोललाच तर निदान बरोबर बोलावा.

शब्दाचं घराणं सांगितलं असतं चौकटीत तर अजून मजा आली असती, कारण त्यातले निम्मे आपल्या घरात आहेत. अंब्रेला त्याच उंब्रातनं आली, इटालियनमधनं, छोटी सावली असा तिचा मूळ अर्थ, म्हणजे पावसाचा तिच्या नावाशी संबंध नाही, ती उन्हाची. आपलं छत्र पण राजाच्या डोक्यावर धरायचं ते पावसासाठी नव्हतं, आणि साताऱ्यासारख्या छत्रपतींच्या गादीच्या गावात हे कुणाला वेगळं सांगायला नको. पालखीपुढं अब्दागिरी घेऊन चालतात, तो शब्द मूळ फारसी आफताबगीर, आफताब म्हणजे सूर्य, ऊन झेलणारं. इंग्रजीत छत्रीचं नाव सावलीवरनं आलं आणि फारसीत अब्दागिरीचं उन्हावरनं. माझ्याकडं बीएस्सी ॲग्री झालेली बरीच पोरं येतात, त्यांना ‘अंबेल’ माहीत असतो, कोथिंबीर, शेपू, बडीशेप, गाजर यांचा फुलोरा, एका देठातनं छत्रीच्या काड्यांसारखे बारीक देठ फुटलेले असतात तो, ते पण लॅटिनमधलं छत्रीच, आणि या झाडांच्या कुळाला आधी अंबेलिफेरी म्हणायचे, आता एपिएसी म्हणतात. ग्रहणात अंब्रा आणि पेनंब्रा, आपल्या भूगोलाच्या पुस्तकात प्रच्छाया आणि उपच्छाया, कॅलेंडरवर छायाकल्प ग्रहण लिहिलेलं असतं ते फक्त उपच्छायेतलं. एवढं सांगितलं की पोरगं अंब्रेजस बघून घाबरत नाही, यातला कुणीतरी ओळखीचा निघतोच.

आता वापरायचा कुठं. खरं सांगायचं तर फारसा कुठं नाही. हा शब्द आज बोलण्यातला नाही, लंडनमधे पण रिक्षावाल्याला, म्हणजे टॅक्सीवाल्याला, अंब्रेजस जागेत गाडी लाव म्हटलं तर तो तोंडाकडं बघत बसेल. जुन्या वळणाचं निसर्गवर्णन, कविता, शब्दकोडं, आणि परीक्षेतले समानार्थी शब्द, एवढीच त्याची गावं. माणसाला लावतात तेव्हा बहुतेक वेळा लिहिणारा गालातल्या गालात हसत असतो, मोठा जड शब्द क्षुल्लक रुसव्याला लावायची गंमत असते ती. पोरांनी वाचताना ओळखावा, लिहिताना आवरावा. बांधकाम खात्याला अर्ज करताना, रस्त्यातली झाडं तोडू नका म्हणून, शेडी ट्रीज लिहा, सरळ कळतं. निबंधात एखाद्या वडाच्या वर्णनाला एकदा वापरला तर चालेल, शोभेल पण, पानावर तीनदा आला तर तपासणाऱ्याला वाटणार की काल पाठ केलाय.

आणि बापाविषयी लिहायचं असेल तर शेल्टरिंग आहे, प्रोटेक्टिव्ह आहे, नाहीतर सरळ सांगायचं की त्यांनी आमच्यासाठी काय केलं, विशेषणच कशाला पाहिजे. त्या आटपाडीच्या मुलाला मी तेच सांगितलं, त्यानं ते वाक्य काढून तिथं वडील पहाटे किती वाजता फडात जातात ते लिहिलं, आणि निबंध कितीतरी चांगला झाला.

संपादक साहेब, चौकट बंद करा असं माझं म्हणणं अजिबात नाही, उलट ती चालू राहू दे, पोरांना तिचा आधार आहे. एवढंच करा की अर्थ दोन असतील तिथं दोन्ही द्या आणि प्रत्येकाला त्याच्या शेजारचा शब्द धरून छापा, सुटा नको. अंब्रेजस वड, सावलीचा. अंब्रेजस मामा, रुसका. दोन ओळी. आणि शब्द बोलण्यातला आहे का पुस्तकातला, हे कंसात एका शब्दात लिहा. जागा पुरत नसेल तर शब्द एक दिवसाआड द्या, पण पुरता द्या. आणि जागा काढायचीच झाली तर खालच्या जाहिरातीतनं काढा, शब्दकोड्यातनं एक घर कमी करू नका, आमच्या घरात रविवारी त्याच्यावरनं रुसवेफुगवे होतात.

आपली नियमित वाचक,
विश्रामबाग, सांगली